घंटी वाजेपर्यंत

शेळी माझं कोपर चाटत होती आणि मी बुद्ध होतो, म्हणून तिला हाकलता येत नव्हतं.

"हात सोडशील तर याद राख," उरकुडामामा ट्रॉलीखालून दबक्या आवाजात म्हणाला. "रामटेक्याची बंडी तळ्याच्या पाळीवर आली. आता हालू नको."

"मामा, शेळी."

"चाटू दे. काही खाऊन नाई टाकत तुले."

"खाऊनच रायली ना. अंगाले तांदळाचं पीठ हाये."

मामानं तोंडानं हुर्रर केलं. शेळीनं एक कान हलवला आणि ती दंडाकडे सरकली. शेळी फत्तूची होती. फत्तू माझ्या डाव्या हाताला, सेमीच्या वेलीच्या पाल्याचा रस फासून हिरवा होऊन बसला होता. त्याचा उजवा तळहात छातीसमोर उभा, बोटं वर. भिऊ नका, असा त्या हाताचा अर्थ. शेळी मुळीच भीत नव्हती.

"फत्त्या, हाकल ना तुझी शेळी," मामा म्हणाला.

"कसा हाकलू जी? हात गुंतला हाये."

"तोंडानं हाकल."

"कायले हाकलू? तिले फुकटचं पीठ भेटून रायलं. चैतरामले पीठ लावलं, मले पाला लावला. मी काही बोललो का?"

वैशाखाचं ऊन होतं. राइस मिलवाल्यानं मिरवणूक संपताच आपला ट्रॅक्टर सोडवून नेला आणि ट्रॉली विहारासमोरच्या कडुनिंबाखाली दोन दगडांवर टेकवून ठेवली. दगड लहान पडले. त्यामुळे आम्ही पाची बुद्ध जरा पुढे कललो होतो. समोर निळा बिसन. त्याचा डावा हात मांडीवर आणि उजव्या हाताची बोटं जमिनीला लागलेली. ट्रॉलीत जमीन कुठून येणार, म्हणून त्याच्यापुढे मातीनं भरलेलं घमेलं ठेवलं होतं. माझ्या उजवीकडे पिवळे डोमाजी, विहार समितीचे अध्यक्ष. त्यांचा उजवा तळहात गुडघ्यावरून खाली, देणाऱ्यासारखा उघडा. मागे लाल लहानू, दोन्ही हात मांडीत, डोळे मिटलेले. चौघं चार दिशांना तोंड करून, आणि मधे धानाच्या पोत्यावर पांढरा मी.

माझे हात सगळ्यांत विचित्र होते. डाव्या हाताचं पहिलं बोट वर उभं, आणि उजव्या मुठीत ते बोट घट्ट धरलेलं. दोन्ही अंगठे मुठींच्या आत. लामाजींनी सकाळी स्वतः माझे अंगठे आत दाबले होते. "दिसला नाही पाहिजे," ते म्हणाले होते.

अंगठा न दिसणं मामाला फार आवडलं होतं. त्याचं कारण त्या बंडीतून येत होतं.

दयाराम रामटेके खैरीचे. त्यांची एकुलती एक मुलगी पंचफुला, सातवी शिकलेली. पावसाळ्यात, वर्षावासाचे तीन महिने, खैरीच्या विहारात रोज संध्याकाळी ग्रंथ वाचला जाई आणि तो रामटेके वाचत. आता त्यांची नजर कमी होऊ लागली होती. जावई वाचणारा पाहिजे, जो आपल्यामागे त्या जागेवर बसेल, एवढा एकच हट्ट त्यांनी धरला होता. मुलगा पाहायला जाताना ते तो ग्रंथ निळ्या कापडात बांधून बरोबर नेत आणि मुलापुढे उघडत. अडखळला की कापड बांधून परत. आसपासच्या गावांत त्या निळ्या कापडाची दहशत होती.

मामानं त्यांना सांगून ठेवलं होतं की भाचा चौथी पास आहे. भाचा शाळेच्या मागच्या रानात म्हशी राखण्यापलीकडे शाळेत गेला नव्हता. आईबाप लहानपणीच गेले, मामानं वाढवलं, आणि मामाकडे म्हशी होत्या.

पंचफुलेला मी एकदाच पाहिलं होतं, दिवाळीनंतरच्या मंडईत, आमच्याकडच्या जत्रेत. नाटकाचं पोस्टर झाडाला खिळलं होतं आणि ती चारसहा बायांना ते वाचून दाखवत होती. नाटकाचं नाव, मग कोण राजा, कोण खलनायक, कोणती नर्तकी कुठून आली. मी मागे उभा राहून ऐकलं. बाया गेल्या तरी मी उभाच. "का जी?" तिनं विचारलं. माझ्या तोंडून निघून गेलं, "खालचं बी वाचा ना." खाली छापखान्याचं नाव-पत्ता होता. तिनं तोही वाचला, अगदी शेवटपर्यंत, आणि हसत निघून गेली. त्या दिवसापासून मला दुसरी कुठली मुलगी सांगून आली की मी म्हशी घेऊन रानात निघून जाई.

बुद्धांची ही भानगडही माझ्यामुळेच झाली होती. आमच्या गावापासून तासाभराच्या वाटेवर तिबेटी लोकांचा क्याम्प होता. मी तिथे दूध घालायला जात असे. थंडीत ते लोक स्वेटर विकायला शहरात जात, पण एक म्हातारे लोबसांग लामाजी बारा महिने तिथेच राहून देवळाच्या भिंतीवर चित्रं काढत. पाच बुद्ध, पाच रंग, पाची हात वेगवेगळे. मी दुधाची कॅन खाली ठेवून पाहत बसे. मागच्या बुद्धपौर्णिमेला शेजारच्या टोल्यानं, म्हणजे पलीकडच्या वस्तीनं, पोत्यांचा हत्ती करून मिरवला होता आणि आमच्या गावाची मान खाली गेली होती. यंदा काय करायचं यावर डोमाजींनी सभा घेतली, तेव्हा मी उठून पाच बुद्धांचं सांगितलं.

डोमाजी तापले. "बुद्ध एकच! देवांच्या गर्दीतून बाबासाहेबांनी सोडवलं आमाले, अन् तू आता नवी गर्दी आणतं?"

लामाजींना बोलावलं. ते म्हणाले, "पाच नाही. एक. एकाचेच पाच हात."

"मंग रंग कायले?"

"दुरून दिसतो."

हे डोमाजींना पटलं नाही. मग लामाजींनी सांगितलं की त्यातला एक सोन्यासारखा पिवळा असतो आणि त्याचा हात देणाऱ्याचा असतो. डोमाजी टोपी सरळ करत म्हणाले, "झाकी म्हणून करायला हरकत नाई."

माणसं लामाजींनीच निवडली. एक अख्खा दिवस ते विहाराच्या ओट्यावर नुसते बसून राहिले. चहा सांडला म्हणून बिसननं कपाला शिव्या दिल्या. डोमाजी येताजाता टोपी सरळ करत होते. लहानूनं आपले पोहे संपवून लामाजींचे संपवले. फत्तू विचारत होता की लहानूला दोन बशा कशा. मला लामाजींनी जवळ बोलावून एक कागद पुढे धरला आणि विचारलं, "ठीक?" मी कागदाकडे बराच वेळ पाहिलं, भुवया आवळल्या, आणि मान हलवली, "ठीक." लामाजी हसले. संध्याकाळी त्यांनी बोट दाखवून सांगितलं, तू निळा, तू पिवळा, तू लाल, तू हिरवा. "आणि तू मधे."

मला वाटलं, मी रोज दूध देतो म्हणून.

मिरवणुकीच्या सकाळी त्यांनी पितळेची छोटी घंटी वाजवली आणि आमचे हात बांधले, म्हणजे दोरीनं नाही, नुसते ज्याचे त्याच्या जागी बसवले. "दुसरी घंटी वाजेल, तेव्हा सोडा. आधी सोडला, तर ते परत येईल."

"काय परत येईल?" बिसननं विचारलं.

लामाजींनी शब्द शोधला. त्यांना सापडला नाही. ते छातीवर हात आपटून म्हणाले, "आतलं. जुनं. गरम."

आम्हाला एकदम ताप आठवला. आदल्या पावसाळ्यात सगळ्या गावाला हिवताप आला होता.

"ही अंधश्रद्धा हाये," डोमाजी म्हणाले. मग हळूच म्हणाले, "पण हिवताप तो हिवतापच. हात सोडू नोका रे."

मिरवणूक चांगली झाली. शेजारच्या टोल्याचे लोक तोंडात बोट घालून पाहत राहिले. डोमाजींचा उघडा तळहात पाहून लोक त्यात बताशे ठेवत गेले. फत्तूला वाटेत तीनदा बसवाले लोक थांबून म्हणाले की साहेब, हात खाली घ्या, आमची गाडी जाऊ द्या. आणि परत विहाराशी आलो, तर लामाजीच नाहीत. सायकल नाही, घंटी नाही, लामाजी नाहीत. माणसं जेवायला पांगली. आम्ही बसून राहिलो. तेवढ्यात तळ्याच्या पाळीवर बंडी दिसली आणि मामा ट्रॉलीखाली येऊन बसला.

"ऐक," मामा म्हणाला. "देवानं नाई, बुद्धानं नाई, पण कोनीतरी आपली सोय केली. हात बांधले हायेत म्हनजे पाटी नाई, पेन्सिल नाई. तू नुसता चेहरा ठेव."

"कसा?"

"शांत. चौथी पास असल्यासारखा."

बंडी कडुनिंबाखाली थांबली. रामटेके उतरले, उंच, पांढरा सदरा, काखेत निळं कापड. मागून त्यांची बहीण उतरली, जाडजूड, हातात पितळी तांब्या. पंचफुला बंडीतच बसून राहिली, पुढे बैलांकडे तोंड करून, पण तिची मान आमच्याकडे वळलेली होती.

"जय भीम," मामा पुढे झाला. "या जी, या. पोराले उतरता येत नाई, धर्माचं काम सुरू हाये."

"जय भीम." रामटेक्यांनी ट्रॉलीला एक चक्कर मारली. पाची जणांना नीट न्याहाळलं. "यातला आपला कोणता?"

"मधला. पांढरा."

"शेळीचं काय काम आहे?"

"ते... वाहन हाये जी," मामा म्हणाला.

बिसनच्या निळ्या पाठीला हसू फुटलं. घमेल्यातली बोटं मात्र त्यानं उचलली नाहीत.

आत्याबाई पुढे आल्या. "अंगानं बरा दिसतो. रंग कसा हाये पण? पिठाखाली काई समजत नाई."

"सावळा हाये जी, पण उजळ सावळा."

"अन् बोट कायले धरून बसला? लागलं का?"

"तसाच हात असते त्या बुद्धाचा," डोमाजी पिवळ्या चेहऱ्यानं म्हणाले. "मी समितीचा अध्यक्ष. अध्यक्ष या नात्यानं सांगतो, पोरगा चांगला हाये."

"तुमच्या हातात बताशे कशाचे?"

"लोकांचं प्रेम," डोमाजी म्हणाले.

रामटेक्यांनी काखेतलं कापड सोडलं. गाठ सुटताना मी पाहत होतो.

"जी," मामा घाईनं म्हणाला, "त्याचे हात मोकळे नाईत. घंटी वाजल्याबिगर सोडता येत नाई. वाचन पुढच्या खेपेले ठेवू. आज पाहून घ्या, पोहे खा."

"हात कशाला लागतात?" रामटेके म्हणाले. "तोंड मोकळं आहे ना? ग्रंथ मी धरतो. त्यांनी वाचावं."

आणि ते ट्रॉलीच्या चाकावर पाय देऊन वर चढले. ग्रंथ उघडला आणि माझ्या नाकापुढे धरला. अक्षरं मुंग्यांसारखी दिसत होती. माझ्या पिठावर तेव्हा खऱ्या मुंग्याही चढल्या होत्या. त्या निदान चालत होत्या.

"मधला बुद्ध मौनात असते," मामा खालून ओरडला.

"असं कुठे असतं?"

"तिबेटात."

"सकाळी तर सारखा बोलून रायला होता," हिरव्या बाजूनं आवाज आला. फत्तू. हात भिऊ नका असाच धरलेला. "मौन कोनाचं? आमच्या वर्गात मी होतो, बिसन होता. चैतराम खिडकीच्या भायेर म्हशीवर बसला राहे."

"फत्त्या, चूप बस!" बिसन ओरडला. मान वळवायची तर हात हलेल, म्हणून तो समोरच्या झाडाला ओरडत होता. "लग्नाची गोष्ट हाये ना बे! मोडतं का? थांब, घंटी वाजू दे, तुझा हात मोडतो, पाह्य."

"मी कुठं काई म्हटलं? शाळेत खिडकी होती, एवढंच म्हटलं."

"तुले पोरगी नाई भेटून रायली म्हनून जळतं!"

"तू रायतं तर कोनाले भेटन?"

"शांतता!" डोमाजी म्हणाले. "आपण बुद्ध हाओ."

मागून लहानूनं डोळे न उघडता विचारलं, "बताशे कोनी घेऊन नाई ना रायलं?"

या सगळ्या काळात ग्रंथ माझ्या नाकापुढून हलला नव्हता. रामटेक्यांनी तो खाली घेतलाच नव्हता. त्यांच्या डोळ्यांत मला मी दिसत होतो. पांढरा, बोट धरलेला.

"वाचा," ते म्हणाले. फार हळू म्हणाले. रागावून म्हणाले असते तर मी काहीतरी बडबडलो असतो.

तेवढ्यात बंडीच्या पट्ट्या करकरल्या. पंचफुला खाली उतरली होती. आत्याबाई "अगो, तू कुठं?" म्हणेपर्यंत ती ट्रॉलीशी आली. तिनं चौघांचे हात एकेक करून पाहिले, मग माझे.

"बाकीचे हात काही ना काही दाखवतात," ती म्हणाली. "हे हात लपवतात. अंगठा कुठं हाये?"

"आत," मी म्हणालो.

"कायले?"

"लामाजींनी सांगितलं."

"अन् मामाजींनी?"

मामानं दुसरीकडे पाहिलं.

"मले वाचता येत नाई," मी म्हणालो. ग्रंथाला म्हणालो, कारण तोच समोर होता. "एक अक्षर नाई येत."

शेळीनं माझ्या गुडघ्यावर जीभ फिरवली. रामटेक्यांनी ग्रंथ मिटला, खाली उतरले आणि कापड बांधायला लागले. गाठ त्यांना नीट मारता येईना.

"चौथी पास," ते मामाला म्हणाले. "उरकुडाजी, तुम्हाला मी भला माणूस समजत होतो."

"पोरगा भला हाये जी. मी नसंन."

त्याच वेळी लामाजी सायकल हातानं ढकलत आले. चेन पडली होती आणि त्यांच्या टकलाला मोहाची वाळकी फुलं चिकटली होती. "झोप लागला," ते म्हणाले. "झाड चांगला होता."

"घंटी!" पाची बुद्ध एकदम ओरडले.

लामाजींनी झग्यातून घंटी काढली. पण रामटेक्यांनी त्यांना अडवलं. माणूस दुखावला की त्याला कोणालातरी विचारावंसं वाटतं.

"एक सांगा. मधली जागा सगळ्यांत मोठ्या बुद्धाची ना? मग तिथं हा अडाणी कसा बसवला तुम्ही?"

"अडाणी म्हणून," लामाजी म्हणाले.

"म्हणजे?"

लामाजींना वाटलं, गावाला हे माहीतच आहे. ते घंटीनं एकेकाकडे दाखवत गेले. "निळा, राग. पिवळा, मीपणा. लाल, हाव. हिरवा, जळणं. मधे, न कळणं. न कळणं सगळ्यांची आई. आई मधे बसते. मी एक दिवस पाहिला, मग निवडला." मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "कागद तिबेटी होता. इथे कोणाला वाचता नाही येत. तू म्हणाला, ठीक."

डोमाजींच्या हातातले बताशे एकेक करून खाली पडले. तळहात मात्र उघडाच राहिला.

"मी रागीट?" बिसन निळ्याचा जांभळा झाला. "कोन म्हणते मी रागीट? म्हाताऱ्या, वाजव घंटी! वाजव, मंग दाखवतो!"

"म्हणून नाही वाजवत," लामाजी म्हणाले.

"पाहा, पाहा," फत्तू म्हणाला, "मधे बसवलं तेबी त्यालेच. आमचं ते जळणं, अन् त्याचं ते आई."

"हात नीट धरला," लामाजी रामटेक्यांना सांगत होते, "की तेच उलटा होतं. राग आरसा होतो. साफ. मीपणा, सगळे सारखे होतात. आणि न कळणं..." ते थांबले. पुन्हा शब्द सापडत नव्हता. त्यांनी घंटी काखेत धरली, स्वतःचं डावं बोट वर केलं, उजव्या मुठीत पकडलं आणि रामटेक्यांपुढे नाचवलं. "हे. समजला? हे!"

रामटेक्यांना समजलं नाही. मलाही नाही.

"चल पंचफुला," ते म्हणाले.

पंचफुला हलली नाही. "बाबा, हा मंडईत होता. मी पोस्टर वाचत होते. बाया मधेच निघून गेल्या, हा रायला. छापखान्याचा पत्ता बी ऐकला यानं."

"मग?"

"आतापर्यंत जे पाहिले, ते सारे वाचणारे होते ना? तुमी ग्रंथ उघडला, त्यांनी वाचून दाखवलं, चूक काढली की भांडले. एकानं तरी म्हटलं का, तुमी वाचा, मी ऐकतो?"

"घरात वाचणारा नको?"

"घरात वाचणारी मी हाये. दोघंबी वाचत बसलो तर ऐकन कोन?"

रामटेक्यांना खरी अडचण आठवली. "आणि विहारात? माझ्यामागे वर्षावासात कोण वाचेल?"

"मी."

"बाईमाणूस?"

आत्याबाईंनी तांब्या ट्रॉलीवर आदळला. शेळी दचकून खाली उडी मारून पळाली. सकाळपासून तिला कोणी घाबरवू शकलं ते एवढंच. "का रे दया, बाईनं वाचू नये असं बाबासाहेबांच्या बावीस प्रतिज्ञांत कुठं हाये? दाखव. तुले तर वाचता येते."

रामटेक्यांनी बहिणीकडे पाहिलं, मुलीकडे पाहिलं. मग अर्धवट बांधलेल्या कापडाकडे. ती गाठ त्यांनी सोडली, पुन्हा बांधली, आणि निळं गाठोडं स्वतःच्या काखेत न घेता पंचफुलेच्या हातात दिलं.

"पोहे कुठे आहेत?" ते मामाला म्हणाले.

लामाजींनी घंटी वाजवली.

बिसन गरजत उठला, पण त्याच्या पायाला मुंग्या आल्या होत्या. तो सरळ घमेल्यात पडला आणि तोंडभर माती घेऊन उठला. तोवर राग कोणावर होता ते त्याला आठवेना. लहानूनं डोळे उघडून बताशे गोळा केले. फत्तूचा हात खाली येईचना. तो तसाच भिऊ नका करत शेळीच्या मागे पळाला. डोमाजी बराच वेळ बसून राहिले. त्या दिवशी ते टोपी न घालता घरी गेले.

माझे हात सुटले नाहीत. उन्हात पीठ वाळून खळीसारखं घट्ट झालं होतं. मूठ बोटाला चिकटून बसली होती. आत्याबाईंनी तांब्याभर पाणी ओतलं, मामानं ओढून पाहिलं. शेवटी पोहे मला मामानं भरवले आणि रामटेक्यांसमोर माझं लग्न असं ठरलं, की मुलाला नमस्कारासाठी हातही जोडता येत नव्हते. पंचफुला बंडीत बसून तोंडाला पदर लावून हसत होती.

लग्न पावसाळ्याच्या तोंडावर झालं. त्या वर्षीच्या वर्षावासात खैरीच्या विहारात ती ग्रंथ वाचायला बसली. पहिल्या संध्याकाळी माणसं कमी आली. ऐकायला सगळ्यांत पुढे मी होतो.

धानाची रोवणी आटोपल्यावर एका दुपारी तिनं सुपात तांदळाचं पीठ पसरलं आणि मला समोर बसवलं.

"बोट काढ."

मी डावं बोट वर केलं, सवयीनं.

"उजवं."

मी उजवं पुढे केलं. तिनं ते आपल्या मुठीत घट्ट धरलं आणि पिठावर टेकवलं. बोट माझं होतं, मूठ तिची. एक आडवी रेघ, एक उभी, एक गोल. मी पिठाकडे पाहिलंच नाही. मी त्या मुठीकडे पाहत राहिलो.

"इकडे पाह्य ना, अक्षराकडे."

"पाहून रायलो."

"अन् सोडून पळायचं नाई. घंटी वाजेपर्यंत."

"घंटी कुठं हाये?"

"लामाजीकडे."

लामाजी तर आमच्या लग्नानंतर लगेच कर्नाटकातल्या मोठ्या मठात राहायला गेले होते. जाताना घंटी घेऊन गेले.